पार्ट लिहिणाऱ्याच्या कानाने: मेरी लू विल्यम्स यांच्या तीन सीडी

मेरी लू विल्यम्स म्हणजे अमेरिकन जाझमधल्या पियानोवादक, संगीतकार आणि अरेंजर. त्यांच्या तीन सीडी स्मिथ्सोनियन फोकवेज या कंपनीने काढल्या आहेत: ‘झोडियाक स्वीट’ (१९४५, बारा राशींवरच्या बारा रचना), ‘ब्लॅक क्राइस्ट ऑफ द अँडीज’ (१९६४) आणि ‘झोनिंग’ (१९७४). तिन्ही मी मागवून घेतल्या. एकीनेच सुरुवात करायची असेल तर ‘झोडियाक’ घ्या. का, ते पुढे सविस्तर येईलच.

आधी मी कुठल्या कानाने ऐकतो ते सांगतो. मराठा रेजिमेंटच्या बँडमध्ये मी क्लॅरिनेट वाजवायचो. पचमढीच्या मिलिटरी म्युझिक विंगमध्ये स्टाफ नोटेशन आणि बँडसाठी लिहिणं शिकलो. निवृत्तीनंतर बेळगावातच राहिलो. आता शाळांच्या बँडपथकांना आणि लग्नाच्या बँडवाल्यांना पार्ट, म्हणजे प्रत्येक वाद्याची वेगळी ओळ, लिहून देतो. त्यामुळे कुणाची बोटं किती पळतात यापेक्षा कुठला सूर कुणाच्या वाट्याला दिलाय, तिकडे माझं लक्ष आधी जातं. मेरी लू बाईंचा पियानो असा ऐकला तरच पुरता उलगडतो असं माझं ठाम मत आहे. त्या पियानोसमोर बसतात, पण डोक्यात अख्खा बँड असतो.

वडगावात आमचा एक युफोनियमवाला (युफोनियम म्हणजे जाड आवाजाचं पितळी फुंकवाद्य) आहे, लग्नाच्या सीझनमध्ये रोज वरातीत असतो. त्याला ‘झोडियाक’मधली ‘लिओ’ ऐकवली. डोळे मिटून ऐकली आणि म्हणाला, “मास्तर, ह्यात पियानोच वाजालाय की? मला तर मागनं सगळी पार्टी वाजालीय असं वाटालंय.” त्याने जाझ कधी ऐकलेला नाही, पण नेमकं तेच त्याच्या कानाने पकडलं.

अरेंजरचं काम आपल्याकडे लोकांना फारसं ठाऊक नसतं. चाल एकाची असते. पण ती कुठल्या वाद्याने उचलायची, कुणी मागे थांबायचं, दोन कडव्यांच्या मध्ये काय भरायचं, व्हायोलिनच्या रांगेने काय धरायचं, हे दुसराच कुणीतरी रात्र जागून कागदावर उतरवतो. मुंबईच्या सिनेमासंगीतात हे काम करणारे कितीतरी जण चोर्ला घाटाच्या खालचे, गोव्याचे. सेबॅस्टियन डिसोझा, अँथनी गोन्साल्विस ही त्यातली मोठी नावं. शंकर-जयकिशनची गाणी आपण पाठ म्हणतो, पण त्यांचे पार्ट लिहिणाऱ्या सेबॅस्टियनसाहेबांचं नाव किती घरांत माहीत आहे? अमेरिकेतही फार वेगळं नव्हतं. बेनी गुडमनचं १९३७ मधलं ‘रोल एम’ गाजलं ते गुडमनच्या नावावर. लिहून दिलं होतं मेरी लू विल्यम्स यांनी. ड्यूक एलिंग्टनच्या बँडने १९४६ मध्ये ‘ट्रम्पेट नो एंड’ वाजवलं, ती ‘ब्लू स्काइज’ या गाण्याची मांडणीही त्यांचीच.

जन्म १९१० चा, अटलांटाचा, वाढल्या पिट्सबर्गमध्ये. घरात पायपेटी होती. आई ती वाजवायची आणि लहानग्या मेरीला मांडीवर घेऊन बसायची. एक दिवस आईने वाजवलेलं पोरीने तसंच्या तसं वाजवून दाखवलं. तेव्हा वय तीन-चार वर्षांचं असेल. आईने तिला मास्तर लावला नाही, कारण मास्तर आला की पोरगी फक्त कागदावरचं वाजवील ही धास्ती. बेळगावच्या माणसाला ही गोष्ट लगेच जवळची वाटेल. पंडित रामभाऊ विजापुरे यांनी ज्या गावात पेटीला एवढी प्रतिष्ठा मिळवून दिली, तिथे पायपेटीवरून सुरू झालेला हा प्रवास परका वाटायचं कारण नाही.

पुढे लग्न झालं जॉन विल्यम्स या सॅक्सोफोनवाल्याशी. तो अँडी कर्कच्या बँडमध्ये होता, म्हणून याही कॅन्सस सिटीत त्या बँडच्या संगतीत आल्या. डोक्यात कल्पना भरपूर, पण लिहिता येत नव्हतं. सुरुवातीला कर्कने त्यांच्या कल्पना उतरवून घेतल्या, मग त्या स्वतःच नोटेशन शिकल्या. १९३६ मधलं ‘वॉकिन अँड स्विंगिन’ हे त्या काळातलं त्यांचं काम. ते या तीन सीडींत नाही, पण जुन्या डेक्का रेकॉर्डिंगमध्ये सापडतं, अवश्य शोधा. त्यात सॅक्सोफोनच्या रांगेत एक आवाज कमी पडत होता, तर बाईंनी एक ट्रम्पेट उचलून सॅक्सोफोनांच्याच ओळीत बसवला. सगळे मिळून एका श्वासात बोलतात आणि त्यात पितळी धार कुठून येते ते चटकन कळत नाही. माणसं कमी असताना बँड भरून वाजवायचा म्हणजे काय, हे आमच्या धंद्यात रोजचं दुखणं. तिसरा क्लॅरिनेटवाला शेतावर गेला की त्याची ओळ मी कॉर्नेटला हळू वाजवायला देतो. म्हणून ही जागा ऐकताना मी उठून उभा राहिलो. त्याच रचनेतला एक तुकडा पुढे पियानोवादक थेलोनियस मंकने आपल्या ‘ऱ्हिदम-अ-निंग’मध्ये वापरला. आज मंकच्या नावाने तो जगभर वाजतो.

आता ‘झोडियाक’कडे येतो. १९४२ मध्ये बाईंनी कर्कचा बँड सोडला. पुढे न्यूयॉर्कला आल्या, कॅफे सोसायटी या क्लबमध्ये वाजवू लागल्या. १९४५ मध्ये डब्ल्यूएनईडब्ल्यू रेडिओवर त्यांचा साप्ताहिक कार्यक्रम होता. त्यात आठवड्याला एक रास, अशा बारा राशी त्यांनी ऐकवल्या. काही आधी लिहिलेल्या, बाकीच्या तिथल्या तिथे सुचलेल्या. मग मो अॅशच्या कंपनीसाठी त्या रेकॉर्ड केल्या. सोबत अल लुकस बेसवर आणि जॅक पार्कर ड्रमवर. सगळ्या राशींत तिघं नाहीत. कुठे एकटा पियानो, कुठे फक्त बेसची साथ.

प्रत्येक रास ओळखीच्या कलावंतांच्या नावे केलेली आहे. मेष बेन वेबस्टरसाठी, वृषभ ड्यूक एलिंग्टनसाठी, तूळ आर्ट टेटम, मंक, डिझी गिलेस्पी यांच्यासाठी, मकर नर्तकी पर्ल प्रायमससाठी, मीन कॅफे सोसायटीच्या मालकासाठी. एक लक्षात घ्या, आपण चंद्र ज्या राशीत ती रास मानतो, तिकडे सूर्य ज्या राशीत ती. त्यामुळे पत्रिकेतली आपली रास शोधून त्यात स्वभाव जुळवायला जाऊ नका. रास हे निमित्त आहे. खरी आहेत ती माणसं.

‘लिओ’, म्हणजे सिंह, मी कानाने उतरवून काढली. साइड ड्रमचा मार्चचा ठेका आहे, म्हणून आमच्यासारख्याला पहिली तीच खुणावते. पण मार्च म्हणावा तर पियानोतले स्वर परेड ग्राउंडवरचे नाहीत. डाव्या हातात जे आहे ते युफोनियमला आणि बासला वाटून दिलं, मधली जोडस्वरांची ओळ दोन क्लॅरिनेटला, वरचं कॉर्नेटला. टिळकवाडीतल्या शाळेच्या पोरांकडून सरावापुरतं बसवून घेतलं. वाटणी करताना कुठेही ओढाताण झाली नाही. एरवी पियानोचं काही बँडसाठी उतरवलं की एका वाद्याला काम उरत नाही आणि दुसऱ्याला दम लागतो. इथे प्रत्येक ओळ जणू कुणाच्या तरी फुंकीसाठीच लिहिली होती. पोरांना साइड ड्रमचा रोल जमायला वेळ लागला, पण स्वरांच्या बाबतीत एकदाही ‘सर, हे चुकलंय’ म्हणाली नाहीत. कानाला तिरके वाटणारे स्वर होते, तरीही.

‘लिब्रा’ म्हणजे तूळ, अगदी वेगळी. एकटा पियानो, जवळजवळ कुजबुज. स्वरांचे गुच्छ हळूहळू उघडत जातात आणि घाई कुठेच नाही. पेटीवाल्यांनी ही नक्की ऐकावी. आपल्याकडे पेटीवर गाण्याच्या मागे मागे जायची सवय असते. इथे एक सूर धरून ठेवला की त्याच्या खालचे सूर बदलतात आणि धरलेल्या सुराचा रंगच पालटतो. तेवढ्यासाठी शहापूरच्या एका पेटीवाल्या मित्राला मी ही रास पाठवली. त्याचा दुसऱ्या दिवशी फोन आला तो या एकाच जागेबद्दल बोलायला. ‘व्हर्गो’ म्हणजे कन्या, ब्लूजच्या (काळ्या अमेरिकनांच्या गाण्याच्या ठरीव साच्याच्या) चौकटीत बसवली आहे, पण चाल पुढच्या काळातली. ‘पायसीज’ म्हणजे मीन, तीनच्या ठेक्यात, वॉल्ट्झसारखी डुलत जाते. ‘स्कॉर्पिओ’त, म्हणजे वृश्चिकेत, खालच्या पट्टीत एकच फेरा घुमत राहतो आणि वर अंधार दाटत जातो. दोन-तीन राशी मात्र मला अपुऱ्या वाटल्या. ‘सॅजिटेरियस’ (धनु) जेमतेम रंगात येते आणि संपते. त्या काळी ७८ आरपीएमच्या तबकडीच्या एका बाजूला तीन मिनिटांच्या आसपासच मावायचं, हे मान्य. पण ‘टॉरस’सारख्या (वृषभ) राशीत त्याच तीन मिनिटांत लय बदलून, थांबून, परत फिरून मुक्कामाला येता येतं, मग इथे का नाही?

आवाजाबद्दल स्पष्ट सांगतो. रेकॉर्डिंग १९४५ चं आहे. खरखर आहे, पियानोचा खालचा भाग बोदा वाटतो आणि बेस कधी कधी जाणवतो तेवढाच, ऐकू येत नाही. मोठ्या स्पीकरवर ही उणीव अंगावर येते. चांगला हेडफोन लावला तर बेसची ओळ सापडते. सीडीच्या शेवटी काही राशींचे दुसरे टेकही, म्हणजे त्याच राशीची पुन्हा केलेली रेकॉर्डिंग, दिलेले आहेत. पार्ट लिहिणाऱ्याला ते मोलाचे आहेत, कारण कुठला भाग पक्का ठरलेला होता आणि कुठला त्या क्षणी सुचला, हे दोन टेक शेजारी ठेवले की दिसतं. नुसतं ऐकणाऱ्याने ते सोडून दिले तरी चालेल.

१९४५ च्या डिसेंबरअखेर न्यूयॉर्कच्या टाउन हॉलमध्ये बाईंनी हीच रचना छोट्या ऑर्केस्ट्रासाठी लिहून सादर केली आणि पुढच्या वर्षी कार्नेगी हॉलमध्ये तिच्यातल्या तीन राशी मोठ्या ऑर्केस्ट्राने वाजवल्या. जाझ वाजवणाऱ्या बाईने, तेही काळ्या बाईने, १९४५ मध्ये हे करणं किती अवघड होतं ते मी वेगळं सांगायला नको.

त्याच वर्षांत न्यूयॉर्कच्या हॅमिल्टन टेरेसमधलं त्यांचं घर म्हणजे नव्या पोरांचा अड्डा होता. मंक, बड पॉवेल, टॅड डॅमेरन, गिलेस्पी, सगळे क्लबमधलं काम संपलं की तिथे जमायचे. बाई त्यांच्यापेक्षा वयाने मोठ्या, जुन्या स्विंगच्या, म्हणजे मोठ्या बँडच्या नाचत्या जाझच्या, जमान्यातल्या. त्यांच्या पिढीतल्या अनेकांना बीबॉप, म्हणजे या नव्या पोरांचं जाझ, गोंगाट वाटत होता. यांनी मात्र ते शिकून घेतलं, स्वतः त्यात लिहिलं, गिलेस्पीच्या बँडला १९४९ मध्ये ‘इन द लँड ऑफ ऊ-ब्ला-डी’ दिलं.

१९५२ मध्ये त्या युरोपला गेल्या आणि १९५४ मध्ये पॅरिसमध्ये वाजवणं सोडून दिलं. मन उडालं. पुढची काही वर्षं प्रार्थनेत आणि व्यसनात अडकलेल्या वादकांना सावरण्यात गेली. १९५७ मध्ये कॅथलिक झाल्या. त्याच वर्षी न्यूपोर्टच्या जाझ महोत्सवात गिलेस्पीच्या बँडबरोबर परत स्टेजवर आल्या, आणि वाजवलं काय, तर ‘झोडियाक’मधलेच भाग. धर्मगुरूंनी आणि गिलेस्पींसारख्या मित्रांनी त्यांना समजावलं होतं की तुमची सेवा पियानोवरच आहे.

दुसरी सीडी, ‘ब्लॅक क्राइस्ट ऑफ द अँडीज’, तिथून निघते. पेरूमधल्या लिमा शहरातले मार्टिन दे पोरेस, स्पॅनिश बाप आणि आफ्रिकन वंशाची आई. आयुष्यभर मठात आजाऱ्यांची शुश्रूषा केली. १९६२ मध्ये पोपनी त्यांना संत म्हणून जाहीर केलं. त्यांच्यावरचं ‘सेंट मार्टिन’ हे पद या सीडीच्या सुरुवातीला आहे. बराच वेळ नुसता गायकवृंद, वाद्य काहीच नाही. आवाज एकमेकांवर असे रचलेले की खालचा पुरुषी सूर हलतो तेव्हा वरचे सगळे सूर नव्या जागी जाऊन बसतात. मग मध्येच पियानो येतो आणि लॅटिन ठेका धरतो. कॅम्पातल्या फातिमा कॅथेड्रलमध्ये नाताळच्या वेळी गायकवृंद मी बाहेर उभा राहून ऐकत आलोय. वारकरी घरात वाढलेल्या माणसाला ते भजनाच्याच वाटेचं वाटतं. पण प्रार्थनेत ब्लूजचे सूर इतक्या सहज मिसळलेले मी पहिल्यांदा ऐकले. ‘अॅनिमा क्रिस्टी’मध्ये बास क्लॅरिनेट आहे. त्या वाद्याचा लाकडी, जाडसर आवाज आपल्याकडे दुर्मीळ, म्हणून तेवढ्यासाठी मी तो ट्रॅक वारंवार लावतो. ‘डर्ज ब्लूज’ राष्ट्राध्यक्ष केनेडींच्या हत्येनंतरचं आहे. संथ. फार कमी सूर, आणि प्रत्येक सुराला वजन.

या सीडीची अडचण अशी की ती एकसंध नाही. वेगवेगळ्या वेळची रेकॉर्डिंग एकत्र बांधली आहेत. प्रार्थनेनंतर एकदम ‘इट एन्ट नेसेसरिली सो’ येतं, पुढे ‘माय ब्लू हेवन’. वाजवलेलं उत्तम आहे, पण सुरुवातीच्या पदाने तयार झालेलं वातावरण पाच मिनिटांत मोडतं. ‘अ फंगस अ मंगस’ मुद्दाम बेसूर, तुटक केलेलं आहे. ते मला अजून पचलेलं नाही. माझी सूचना एवढीच की ‘सेंट मार्टिन’, ‘अॅनिमा क्रिस्टी’ आणि ‘प्रेज द लॉर्ड’ सलग लावून ऐका, बाकीचं नंतर. ही रेकॉर्ड त्यांनी स्वतःच्याच ‘मेरी रेकॉर्ड्स’ या नावाखाली काढली होती, हेही इथे नोंदवतो. कुणाची वाट बघत बसल्या नाहीत.

‘झोनिंग’ १९७४ ची. वय साठीपलीकडचं, आणि डावा हात तरण्या माणसाचा. बॉब क्रॅनशॉ बेसवर, मिकी रोकर ड्रमवर. इथे रेकॉर्डिंग स्वच्छ आहे, त्यामुळे ‘झोडियाक’मध्ये जे कान ताणून शोधावं लागतं ते सरळ समोर येतं. ‘रोझा मे’ ऐका: बेसने एक ओळ धरली, पियानोने तिच्यावर छोटे छोटे तुकडे टाकले, आणि हे तुकडे म्हणजे पितळी वाद्यांनी मागून मारायचे फटकारेच. माझा युफोनियमवाला मित्र यावर टेबल वाजवू लागला होता. ‘झोनिंग फंगस टू’मध्ये दोन पियानो आहेत आणि ते कठीण आहे, कबूल. पण ‘अ फंगस अ मंगस’पेक्षा यात मला वाट सापडली, कारण दोन पियानो एकमेकांना जागा देतात. ज्यांना जाझ म्हणजे पाय हलवणारी लय हवी त्यांनी ही सीडी आधी घेतली तरी माझी हरकत नाही.

तीस वर्षांतली ही तीन कामं एकापाठोपाठ ऐकली की एक गोष्ट ठळक होते. तरुणपणी जे जमलं, ज्याला टाळ्या मिळाल्या, त्यावर या बाई बसून राहिल्या नाहीत. स्विंग, बूगी-वूगी, बीबॉप, चर्चसंगीत, आणि १९७७ मध्ये तर कार्नेगी हॉलमध्ये सेसिल टेलरसारख्या पार मुक्त वाजवणाऱ्या माणसाशेजारी दुसऱ्या पियानोवर बसल्या. आणि हे सगळं करताना ब्लूज सुटला नाही. आमच्या बँडवाल्यांत मी उलटं बघतो: वीस वर्षांपूर्वी लिहिलेला पार्ट, त्याच जागा, तेच फटकारे, शिवजयंतीच्या चित्ररथापुढेही तेच आणि वरातीतही तेच. नव्या पोरांनी काही वेगळं मागितलं की वडीलधारी चिडतात. त्यांना मी या तीन सीडींची नावं लिहून देतो.

१९७७ पासून त्या ड्यूक विद्यापीठात शिकवत होत्या. २८ मे १९८१ रोजी गेल्या. शेवटच्या दिवसांत फुंकवाद्यांच्या मोठ्या बँडसाठी एक रचना लिहीत होत्या, ती अपुरी राहिली. बँडवाल्याला याची हळहळ वाटणारच.

मागवणाऱ्यांसाठी: सीडी परदेशातून येते, त्यामुळे टपालखर्च आणि वाट बघणं दोन्ही धरून चाला. डाउनलोड लगेच मिळतं आणि स्वस्त पडतं. माझ्या मुलाने बेंगळुरूहून तेच करून दिलं होतं, सीडी नंतर आल्या. सोबतच्या पुस्तिका कंपनीच्या साइटवर पीडीएफ म्हणून फुकट उघडता येतात, त्या मात्र चुकवू नका. कुठल्या ट्रॅकवर कोण वाजवतंय ते त्यात नीट दिलेलं आहे. शाळेच्या बँडचे मास्तर असाल तर ‘झोडियाक’, भजनी मंडळ किंवा गायकवृंद बसवत असाल तर ‘ब्लॅक क्राइस्ट’, ड्रम-बेसवाले असाल तर ‘झोनिंग’. माझ्या ‘लिओ’च्या पार्टची प्रत सरावासाठी हवी असेल तर टिळकवाडीत संध्याकाळी सराव चालू असतो, येऊन बघा.